लिबर्ते: बॉम्बच्या काळात तगलेलं दैनिक एका ठरावाने बंद का पडलं?

6 एप्रिल 2022 रोजी अल्जेरियात एका प्रकाशन कंपनीच्या भागधारकांची सभा झाली. सभेपुढे मुख्य विषय होता कंपनी विसर्जित करण्याचा. जवळजवळ सगळे समभाग एकाच माणसाच्या हातात होते, त्यामुळे निकाल काय लागणार हे सभेआधीच ठरलेलं होतं. आठ दिवसांनी, गुरुवारी 14 एप्रिलला, ‘लिबर्ते’ या फ्रेंच दैनिकाचा शेवटचा अंक निघाला. जून संपेपर्यंत तग धरला असता तर त्याला तीस वर्षं पुरी झाली असती.

या काळात लिबर्तेने काय पाहिलं नव्हतं? त्याचे पत्रकार मारले गेले, संचालकाला अटक झाली, अंकांवर बंदी आली, छापखान्याने छपाई थांबवली, बातमीदार तुरुंगात गेले. त्यातल्या कशानेही पेपर कायमचा बंद पडला नाही. तो बंद पडला मालकाच्या सहीने, आणि तेही गृहयुद्ध संपून वीस वर्षं होत आली असताना.

दैनिक बंद पडणं ही आता जगभरची नेहमीची बातमी झाली आहे. खप घटला, जाहिराती इंटरनेटवर गेल्या, विषय संपला, असं म्हणून पुढे जाता येतं. लिबर्तेच्या बाबतीत हे कारण खोटं नाही, पण अपुरं आहे. अल्जेरियात 1990 साली पत्रकारांना लिहायची मोकळीक मिळाली. पेपर चालवायला लागणारा कागद, छापखाना, जाहिरात आणि भांडवल मात्र बहुतेक पेपरांच्या बाबतीत दुसऱ्यांच्याच मुठीत राहिलं. लिबर्तेचं प्रकरण मला महत्त्वाचं वाटतं ते यासाठी, की ही रचना एखादा धीट पेपर कसा संपवते हे त्यात पायरी-पायरीने दिसतं.

फौजेबरोबर आलेला छापखाना

अल्जेरियातलं पहिलं वृत्तपत्र आक्रमकांनी काढलं. जून 1830 मध्ये फ्रेंच फौज अल्जीयर्सच्या पश्चिमेला सिदी फ्रेजच्या किनाऱ्यावर उतरली. तिच्या सामानात छापखानाही होता. तिथल्या छावणीतच ‘लेस्ताफेत दाल्जे’ हे पत्रक छापलं गेलं. 1832 पासून ‘ल मोनित्योर आल्जेरियँ’ हे सरकारी पत्र आलं आणि 1847 मध्ये फ्रेंच व अरबी अशा दोन भाषांत ‘मुबश्शिर’ निघू लागलं. त्यातलं अरबी हे हुकूम आणि नियम रयतेपर्यंत पोचवण्यापुरतं होतं. रयतेचं म्हणणं वर पोचवणं हे त्याचं काम नव्हतं.

फ्रान्सच्या 1881 च्या कायद्याने वृत्तपत्रांना स्वातंत्र्य दिलं, पण वसाहतीत त्याचा खरा लाभ झाला तो युरोपीय वसाहतवाल्यांना. त्यांची दैनिकं भरभराटीला आली. ‘लेको दाल्जे’ त्यांत सर्वांत वजनदार होतं. स्थानिक मुस्लिमांनी काढलेल्या पत्रांचं आयुष्य मात्र महिन्यांत मोजावं लागे. कॉन्स्टंटिनचे धर्मसुधारक अब्देलहमीद बेन बादीस यांनी 1925 मध्ये ‘अल-मुंतकिद’ काढलं आणि अठरा अंकांनंतर ते बंद करायला लावलं गेलं. लगेच त्यांनी ‘अश-शिहाब’ सुरू केलं, ते 1939 पर्यंत चाललं. एक बंद झालं की दुसऱ्या नावाने काढायचं, ही चाल तिथल्या पत्रकारितेच्या हाडात तेव्हापासून मुरली.

‘आल्जे रेपुब्लिकँ’ या 1938 मध्ये निघालेल्या डाव्या दैनिकाबद्दल इथे थोडं सांगायलाच हवं. आल्बेर काम्यू तिथे तरुण बातमीदार होते आणि 1939 मध्ये काबिली डोंगराळ भागातल्या उपासमारीवर त्यांनी लिहिलेली लेखमाला याच पत्रात आली. स्वातंत्र्ययुद्ध सुरू झाल्यावर 1955 मध्ये फ्रेंचांनी पत्रावर बंदी घातली. त्याचे संचालक आंरी आलेग यांना 1957 मध्ये फ्रेंच पॅराट्रूपर्सनी पकडून छळलं. 1962 मध्ये देश स्वतंत्र झाला आणि पत्र पुन्हा निघालं. तीन वर्षांनी, जून 1965 मध्ये कर्नल बूमेदियन यांनी सत्ता ताब्यात घेतली आणि पत्र पुन्हा बंद झालं, या वेळी स्वकीयांच्या राजवटीत. दोन्ही वेळा वाचक तेच होते, अनेक पत्रकारही तेच होते.

मुक्तिसंग्रामाचं मुखपत्र ‘एल मुजाहिद’ जून 1956 मध्ये चोरून छापलं जाऊ लागलं. पुढे ते ट्युनिसहून निघे आणि वसाहतवादविरोधी विचारवंत फ्रान्त्झ फॅनन त्याच्या संपादकवर्गात होते. स्वातंत्र्यानंतर हेच नाव सरकारी दैनिकाला मिळालं. अरबीत ‘एश-शाब’, पूर्वेला ‘अन-नस्र’, सगळी पत्रं सरकारची किंवा सत्ताधारी पक्षाची. 1967 मध्ये ‘आनेप’ ही सरकारी प्रकाशन व जाहिरात संस्था उभी राहिली. तिचं नाव लक्षात ठेवावं, कारण पुढच्या गोष्टीत तिचा हात सर्वांत लांब आहे.

1990: दार उघडलं, चाव्या मागेच राहिल्या

ऑक्टोबर 1988 मध्ये महागाई आणि बेकारीने पिचलेली तरुण पोरं रस्त्यावर आली. लष्कराने गोळीबार केला, शेकडो माणसं मेली. त्या धक्क्याने एकपक्षीय राजवट हलली. फेब्रुवारी 1989 मध्ये नवी राज्यघटना आली आणि 3 एप्रिल 1990 रोजी नवा माहिती कायदा. त्याच सुमारास पंतप्रधान मुलूद हमरूश यांच्या सरकारने एक वेगळंच परिपत्रक काढलं. सरकारी पत्रांतल्या ज्या पत्रकारांना स्वतःचं वृत्तपत्र काढायचं असेल त्यांना नोकरी सोडताना पुढच्या काळाचा पगार आगाऊ मिळेल आणि तो भांडवल म्हणून वापरता येईल, असं त्यात होतं. त्यांना बसायला जागाही देण्यात आली. अल्जीयर्समधल्या 1 मे चौकाजवळची एक जुनी लष्करी बरॅक ‘पत्रकार भवन’ झाली.

अरब जगात त्या वेळी असं दुसरीकडे कुठे झालं नव्हतं. सप्टेंबर 1990 मध्ये ‘ल स्वार दाल्जेरी’, ऑक्टोबरमध्ये ‘एल वतन’, 1 नोव्हेंबरला अरबी ‘एल खबर’ अशी दैनिकं एकामागून एक निघाली. ‘एल वतन’ काढणारे पत्रकार ‘एल मुजाहिद’ सोडून आलेले होते. ‘आल्जे रेपुब्लिकँ’ही परत आलं. कालपर्यंत मंत्र्यांच्या दौऱ्यांच्या बातम्या लिहिणारी माणसं मंत्र्यांना प्रश्न विचारू लागली.

पण छापखाने सरकारचेच राहिले. अल्जीयर्स, ओरान आणि कॉन्स्टंटिन इथल्या सरकारी छपाई कंपन्यांशिवाय दैनिक छापण्याची सोय नव्हती. वृत्तपत्री कागद परदेशातून यायचा, तोही त्यांच्यामार्फतच. देशातले सर्वांत मोठे जाहिरातदार म्हणजे सरकारी कंपन्या, खाती आणि नगरपालिका, आणि त्यांच्या जाहिराती वाटणार ‘आनेप’. सरकारी जाहिरात थांबली की छोट्या पत्राची काय गत होते हे आपल्याकडच्या कोणत्याही जिल्हा दैनिकाच्या मालकाला विचारावं. अल्जेरियात मोठी पत्रंही त्याच गतीला बांधलेली होती.

लिबर्ते या पिढीत थोडं उशिरा आलं, 27 जून 1992 ला. पत्रकारांच्या एका छोट्या गटाबरोबर त्यात इसाद रेब्राब हे उद्योजक होते. पोलाद, मग साखर आणि खाद्यतेल असं करत पुढे ‘सेव्हिटाल’ समूह उभा करून ते देशातले सर्वांत श्रीमंत गृहस्थ झाले. ‘एल वतन’च्या मागे पत्रकारांचे आगाऊ पगार होते, लिबर्तेच्या मागे पहिल्यापासून एक शेठ होता. हा फरक तीस वर्षांनी निर्णायक ठरला. ‘जाणण्याचा हक्क, कळवण्याचं कर्तव्य’ अशा अर्थाचं ब्रीद पत्राने घेतलं.

जगून दाखवण्याची वर्षं

पत्र दोन दिवसांचं झालं तोच राष्ट्राध्यक्ष मोहम्मद बुदियाफ यांची अन्नाबा शहरात भर सभेत हत्या झाली. त्याआधी जानेवारीत लष्कराने निवडणुका रद्द केल्या होत्या, कारण पहिल्या फेरीत इस्लामिक सॅल्व्हेशन फ्रंट या इस्लामवादी पक्षाने बाजी मारली होती. देश गृहयुद्धात लोटला गेला. हे युद्ध दहा वर्षं चाललं.

सशस्त्र इस्लामी गटांनी पत्रकारांना लक्ष्य ठरवलं. 26 मे 1993 रोजी कवी, कादंबरीकार आणि ‘रुप्त्यूर’ साप्ताहिकाचे संस्थापक ताहर जाऊत अल्जीयर्सच्या बैनेम उपनगरात घरासमोर गाडीत बसले असताना त्यांच्या डोक्यात गोळ्या घालण्यात आल्या. ते 2 जूनला वारले. पत्रकार भवनाला आज त्यांचंच नाव आहे. 1993 ते 1997 या काळात साठच्या आसपास पत्रकार मारले गेले. छपाई कामगार, चालक आणि इतर कर्मचारी धरले तर आकडा शंभराच्या घरात जातो.

‘ल मातां’ दैनिकाचे सईद मेकबेल यांचं उदाहरण मला विसरता येत नाही. ‘जेहाचा खिळा’ या नावाने ते रोजचं सदर लिहीत. जेहा म्हणजे उत्तर आफ्रिकेच्या लोककथांतला तो चतुर माणूस, ज्याने घर विकताना भिंतीतला एक खिळा आपलाच ठेवला आणि त्या खिळ्याच्या निमित्ताने रोज घरात शिरत राहिला. 3 डिसेंबर 1994 च्या अंकात मेकबेल यांनी अल्जेरियातल्या पत्रकाराचा दिवस वर्णन केला: रात्री भिंतीला धरून चोरासारखा घरी जाणारा, मुलांना आपलं काम बाहेर सांगू नका म्हणणारा. त्याच दिवशी दुपारी ते कचेरीजवळच्या उपाहारगृहात जेवायला बसले असताना त्यांच्यावर गोळी झाडली गेली. दुसऱ्या दिवशी ते गेले.

लिबर्तेचे झिनेद्दीन अलिऊ सालह यांना जानेवारी 1995 मध्ये ब्लिदा शहरात मारण्यात आलं. डिसेंबर 1995 मध्ये हमीद मेहिऊत आणि त्यांचा चालक यांची हत्या झाली. त्याच महिन्यात सरकारनेही याच पत्राला हात घातला. राष्ट्राध्यक्षांचे सल्लागार जनरल बेतशीन यांच्यावरच्या मजकुरावरून लिबर्तेवर दोन आठवड्यांची बंदी आली आणि संचालक अब्रूस उतुदेर्त यांना अटक झाली. ज्या महिन्यात आपल्या सहकाऱ्याला मूठमाती दिली, त्याच महिन्यात कचेरीला कुलूप.

पत्रकारांच्या राहण्यासाठी सरकारने समुद्रकाठची काही हॉटेलं पहाऱ्यात ठेवली होती. त्यांतलं एक सिदी फ्रेजला होतं, तिथे, जिथे 1830 मध्ये फौजेने छापखाना उतरवला होता. माणसं वर्षानुवर्षं एका खोलीत कुटुंब घेऊन राहिली, रोज वेगळ्या वाटेने कचेरीत गेली.

11 फेब्रुवारी 1996, रमझानचे दिवस. पत्रकार भवनाशेजारी स्फोटकांनी भरलेली गाडी उडवण्यात आली. अठराच्या वर माणसं ठार झाली. ‘ल स्वार दाल्जेरी’चे संपादक अल्लाऊआ ऐत मेबारेक आणि त्यांचे दोन सहकारी त्यांत होते. पत्र काही दिवसांत पुन्हा निघालं. याच सुमारास सरकारने छापखान्यांत ‘वाचन समित्या’ बसवल्या. हल्ल्यांच्या आणि सुरक्षाविषयक बातम्या छापण्याआधी त्या समितीने वाचायच्या आणि नको असेल ते काढायचं.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी, कारण या पत्रांना निष्कलंक हुतात्मे ठरवणं प्रामाणिक होणार नाही. फ्रेंच दैनिकांतली बहुतेक, त्यांत लिबर्तेही, इस्लामवाद्यांशी कोणतीही तडजोड नको या बाजूची होती. सुरक्षा दलांनी उचलून नेलेल्या आणि परत न आलेल्या हजारो लोकांबद्दल त्या वर्षांत तिथे फार कमी छापून आलं. काही सेन्सॉरमुळे, काही भीतीमुळे, आणि काही आपली बाजू दुबळी दिसू नये म्हणून. बेपत्ता मुलांच्या आयांना ही पत्रं लवकर आपली वाटली नाहीत. पुढे पत्रांना लोकांच्या आधाराची गरज पडली तेव्हा ही दरी नडली, असं मला वाटतं.

गोळीऐवजी बिल

1999 मध्ये अब्देलअझीझ बुतेफ्लिका राष्ट्राध्यक्ष झाले. हिंसा ओसरली आणि दडपणाची रीत बदलली. 2001 मध्ये दंडसंहितेत दुरुस्ती होऊन राष्ट्राध्यक्षांचा अवमान करणाऱ्या लिखाणाला व चित्राला तुरुंगवासाची शिक्षा आली. पत्रकारांनी या दुरुस्तीला नाव ठेवलं ‘दिलेम दुरुस्ती’, कारण ती लिबर्तेचे व्यंगचित्रकार अली दिलेम यांच्यासाठीच केली आहे हे कोणाला सांगायची गरज नव्हती. दिलेम 1996 मध्ये ‘ल मातां’ सोडून लिबर्तेत आले होते. कित्येक वाचक पेपर हातात घेतला की आधी त्यांचं चित्र पाहत आणि मग मथळे. त्यांच्यावर खटल्यांमागून खटले झाले, ते काढत राहिले.

ऑगस्ट 2003 मध्ये सरकारी छापखान्यांनी एकाएकी सहा दैनिकांना कळवलं की थकबाकी तीन दिवसांत भरा, नाहीतर छपाई बंद. लिबर्ते, ‘ल मातां’, ‘ल स्वार’, ‘लेक्स्प्रेस्याँ’, ‘एल खबर’ आणि ‘एर-राय’. थकबाकी खरी होती, पण ती बाकीच्या कित्येक पत्रांचीही होती. निवडलेली सहा पत्रं त्या उन्हाळ्यात मंत्र्यांच्या आणि राष्ट्राध्यक्षांच्या निकटवर्तीयांच्या भ्रष्टाचारावर लिहीत होती. काही दिवस त्यांचे अंक निघाले नाहीत. ज्यांनी पैसे उभे केले ती परत आली. लिबर्ते परत आलं, कारण त्याच्या मागे पैसा होता.

‘ल मातां’ वाचलं नाही. त्याचे संचालक मोहम्मद बेन्शिकू यांनी 2004 च्या निवडणुकीआधी बुतेफ्लिकांवर जहाल पुस्तक लिहिलं. त्याच जूनमध्ये त्यांना परकीय चलनाच्या नियमभंगाखाली दोन वर्षांची शिक्षा झाली आणि ती त्यांनी पूर्ण भोगली. पुढच्याच महिन्यात छापखान्याच्या देण्यापायी पत्र बंद पडलं. खटल्यात लिखाणाचा उल्लेख नव्हता, बंद होण्याच्या कारणातही नव्हता. ही पद्धत एकदा बसली ती बसलीच.

‘एल वतन’ आणि ‘एल खबर’ यांनी मिळून स्वतःचा छापखाना उभारला. या सगळ्या इतिहासात मला सर्वांत शहाणपणाचं वाटलेलं पाऊल ते हेच. निदान बिलाच्या नावाखाली कोणी रात्रीत छपाई थांबवू शकणार नव्हतं. जाहिरात मात्र उरली. 2014 मध्ये बुतेफ्लिका आजारी असूनही चौथ्यांदा उभे राहिले. त्याला विरोध करणाऱ्या या दोन पत्रांतून खासगी कंपन्यांच्या जाहिरातीही आटू लागल्या, आणि कंपन्यांवर वरून दबाव येतोय असं पत्रांनी उघड म्हटलं. दुसरीकडे दैनिकांची संख्या दीडशेच्या आसपास गेली. त्यांतली कितीतरी स्टॉलवर कधी दिसत नसत. ‘आनेप’च्या जाहिरातींवर ती जगत आणि त्याबदल्यात त्रास देत नसत. बाहेरून पाहणाऱ्याला दीडशे दैनिकांचा देश दिसायचा.

मालक

रेब्राब यांच्याबद्दल एका वाक्यात निकाल देता येत नाही. तीस वर्षं त्यांनी पत्राला पैसा पुरवला. दिलेमना काढून टाका, अमुक बातमीदार नको, असं वरून त्यांना सुचवलं गेलं नसेल यावर विश्वास ठेवणं कठीण आहे, आणि तरी दिलेम शेवटच्या अंकापर्यंत तिथे होते. दुसऱ्या बाजूने, सेव्हिटाल आणि सरकार यांचं बिनसलं की लिबर्तेत मालकाची बाजू ठळक यायची. पत्र त्यांच्यासाठी ढाल होतं, आणि तेही पत्रासाठी ढाल होते. दोघांनाही हे ठाऊक असणार.

2016 मध्ये सेव्हिटालच्या एका उपकंपनीने ‘एल खबर’ समूहाचे समभाग विकत घ्यायचा करार केला. माध्यमांचं खातं सांभाळणारे मंत्री हमीद ग्रीन कोर्टात गेले. 2012 च्या माहिती कायद्याच्या पंचविसाव्या कलमानुसार एका व्यक्तीला एकापेक्षा जास्त सर्वसाधारण वृत्तपत्रांची मालकी ठेवता येत नाही, आणि रेब्राबांकडे लिबर्ते आहे, असा युक्तिवाद होता. जुलैमध्ये कोर्टाने सरकारच्या बाजूने निकाल दिला. वृत्तपत्रांची मालकी एका हातात जाऊ नये हे तत्त्व चांगलंच आहे. इथे ते वापरलं गेलं ते सरकारला नको असलेला एक सौदा मोडण्यासाठी. सरकारशी सलगी असलेले उद्योगपती वृत्तपत्रं आणि वाहिन्या चालवत होते, तिथे इतकी तत्परता दिसली नाही.

फेब्रुवारी 2019 मध्ये ‘हिराक’ हे जनआंदोलन सुरू झालं. दर शुक्रवारी लाखो लोक शांतपणे रस्त्यावर येऊ लागले आणि 2 एप्रिलला बुतेफ्लिकांना जावं लागलं. त्यानंतर लष्करप्रमुख गाईद सालह यांच्या काळात भ्रष्टाचाराच्या नावाखाली अटकसत्र चाललं. बुतेफ्लिकांच्या गोटातले उद्योगपती आत गेले, आणि त्या गोटाचे विरोधक असलेले रेब्राबही. आयात यंत्रांच्या किमती फुगवल्याचा आरोप त्यांच्यावर होता. आठ महिने तुरुंगात काढून ते 1 जानेवारी 2020 ला सुटले. तेव्हा त्यांचं वय पंचाहत्तर होतं. पत्र बंद करण्याच्या निर्णयाचा विचार करताना हे आठ महिने बाजूला ठेवता येत नाहीत.

शेवटचं वर्ष

एप्रिल 2021 मध्ये लिबर्तेचे तमनरासेत इथले बातमीदार राबह करेश यांना पकडलं गेलं. सहारातल्या नव्या प्रशासकीय विभागणीत आपल्या पूर्वापार जमिनी तुटतात म्हणून तिथल्या तुआरेग जमातीचे लोक निदर्शनं करत होते. त्याची बातमी त्यांनी दिली होती. राजधानीपासून जवळपास दोन हजार किलोमीटरवरच्या त्या शहरात काय घडतंय हे छापणारी पत्रं आधीच हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. करेश सहा महिने तुरुंगात राहिले. ते ऑक्टोबरमध्ये सुटायच्या आधीच, सप्टेंबरमध्ये, लिबर्तेचे दुसरे पत्रकार मोहम्मद मुलूज यांना दहशतवादाच्या कलमांखाली अटक झाली. वर्षाहून जास्त काळ ते कच्च्या कैदेत होते. पत्र बंद झालं तेव्हाही ते आतच होते.

त्यात जाहिराती आटलेल्या, करोनात स्टॉल ओस पडलेले, कागदाचे भाव चढलेले. फ्रेंच वाचणारा वर्गही आक्रसत चाललेला. स्वातंत्र्यानंतरच्या पिढ्या अरबीतून शिकल्या, आणि ‘एश-शुरूक’सारख्या अरबी दैनिकांचा खप एके काळी लाखांच्या घरात गेला तो त्यांच्यामुळे. लिबर्तेचा वाचक मुख्यतः अल्जीयर्स, काबिली भाग आणि फ्रेंच शिकलेला मध्यमवर्ग. मार्च संपताना बंदची कुणकुण लागली. लेखक, प्राध्यापक, वकील, कलावंत अशा अनेकांनी रेब्राबांना जाहीर आवाहन केलं की पत्र बंद करू नका. त्यांच्याकडून उत्तर आलं ते आर्थिक कारणाचं: पत्र परवडत नाही.

हे खरं मानायचं का? तोटा होता, यात शंका नाही. पण देशातल्या सर्वांत श्रीमंत माणसाला तीस वर्षं परवडलेलं पत्र त्याच वर्षी का परवडेनासं झालं, हा प्रश्न त्याने सुटत नाही. त्या वर्षीच त्यांनी सेव्हिटालची सूत्रं मुलाकडे सोपवली. वारसांना उद्योग निर्वेधपणे मिळावा म्हणून त्यांनी सरकारला खुपणारं पत्र मिटवलं, असं अल्जीयर्समध्ये सर्रास बोललं गेलं. त्याला पुरावा नाही आणि मी ते सत्य म्हणून सांगत नाही. मला महत्त्वाचं वाटतं ते असं, की पुराव्याची गरजच पडू नये अशी ही रचना होती. सरकारला हुकूम काढावा लागला नाही, कोर्टात जावं लागलं नाही. कारखाने, बंदरातला माल, कर्ज, परवाने या सगळ्यांसाठी सरकारच्या मर्जीवर अवलंबून असलेल्या माणसाच्या हातात पत्र होतं, एवढं पुरे होतं.

आणि आत काम करणाऱ्या माणसांना त्या निर्णयात जागा नव्हती. नाव, वाचक, तीस वर्षांचं संग्रहित काम, सगळं कंपनीचं, आणि कंपनी एका माणसाची. मालकाला बंद करायचंय तर आधी कर्मचाऱ्यांना चालवायला घेण्याची संधी द्या, असं कोणतंही कलम त्यांना वाचवायला आलं नाही. एका माणसाने दोन पत्रं घेऊ नयेत याची काळजी कायद्याला होती. एका माणसाने एक पत्र मिटवू नये याची नव्हती.

बाकीचे

मग पत्रकारांच्या मालकीचं, स्वतःचा छापखाना असलेलं ‘एल वतन’ सुरक्षित होतं का? दुर्दैवाने नाही. ऑगस्ट 2020 च्या अखेरीस त्याने दिवंगत गाईद सालह यांच्या मुलांच्या संपत्तीवर लिहिलं आणि ‘आनेप’च्या जाहिराती गेल्या. लिबर्ते बंद झालं त्याच उन्हाळ्यात कर आणि बँक कर्जाच्या थकबाकीपायी ‘एल वतन’ची खाती गोठली. मार्चपासून पगार नाही म्हणून जुलै 2022 मध्ये कर्मचाऱ्यांना आपल्याच सहकारी मालकांविरुद्ध संप करावा लागला. फरक इतकाच की पत्र मोडकळीला आलं तरी मिटलं नाही. एका सहीने मिटवू शकेल असा माणूस तिथे नव्हता. लिबर्ते आणि ‘एल वतन’ शेजारी ठेवली की मला मालकीच्या या फरकाचं मोल दिसतं, आणि त्याची मर्यादाही.

इंटरनेटवर गेलेल्यांनाही मोकळं रान मिळालं नाही. ‘रेडिओ एम’ आणि ‘माग्रेब एमेर्जाँ’ चालवणारे एहसान एल कादी यांना डिसेंबर 2022 मध्ये अटक झाली, कचेरीला टाळं लागलं, आणि परदेशी निधीच्या आरोपाखाली अपिलात त्यांची शिक्षा सात वर्षांवर गेली, त्यांतली पाच प्रत्यक्ष तुरुंगवासाची. नोव्हेंबर 2024 च्या सुरुवातीला राष्ट्राध्यक्ष तेब्बून यांच्या माफीने ते सुटले. त्यांची कंपनी मात्र कोर्टाने विसर्जित केलेली होती. ऑगस्ट 2023 च्या नव्या माहिती कायद्याने माध्यमांना परदेशी पैसा पूर्ण बंद केला आणि दुहेरी नागरिकत्व असलेल्यांना मालकीतून बाहेर ठेवलं. फ्रान्समध्ये लाखो अल्जेरियन राहतात. स्वतंत्र पत्राला वर्गणी, देणगी, भागभांडवल देऊ शकेल असा सर्वांत मोठा वर्ग तोच होता.

‘एल वतन’, ‘ल स्वार दाल्जेरी’, ‘एल खबर’ आजही निघतात. 1990 च्या पिढीचे जे थोडे पत्रकार अजून कामावर आहेत, त्यांच्या हाताखाली नवी मुलं येतात, कमी पगारावर, आणि कोणती बातमी कोणत्या कलमाखाली बसते हे आधी शिकतात. ‘आनेप’चं वाटप अजून एकाच टेबलावरून होतं. कोणत्या पत्राला किती जाहिरात आणि कोणत्या निकषावर, हे जाहीर नियमाने ठरावं अशी मागणी तीस वर्षं जुनी आहे. बाकी काही करण्याआधी तेवढी एक गोष्ट झाली, तरी या पत्रांच्या संपादकांना रोज सकाळी फोनकडे पाहून पान लावावं लागणार नाही.